ललिताला मुभा, ललितेतराला बंदी : युक्रेनी राष्ट्रीय लढ्याच्या आरंभकाळाचे एक वाचन

१

राष्ट्र आणि साहित्य यांच्या परस्परसंबंधांची चर्चा करताना युक्रेनचे उदाहरण वारंवार पुढे केले जाते. भूदास कुटुंबात १८१४ साली जन्मलेला तारास शेव्हचेन्को, १८४० साली सेंट पीटर्सबर्ग येथे प्रसिद्ध झालेला त्याचा ‘कोब्झार’ हा लहानसा काव्यसंग्रह आणि १९१८ साली स्वतंत्र म्हणून घोषित झालेले युक्रेनी लोकप्रजासत्ताक या तीन बिंदूंना जोडणारी एक सरळ रेषा काढली जाते. राज्य नसलेल्या लोकसमूहाला एका कवीने राष्ट्रपण दिले, असा या रेषेचा अर्थ लावला जातो. बेनेडिक्ट अँडरसन यांच्या राष्ट्रवादविषयक सुप्रसिद्ध ग्रंथातही (१९८३) शेव्हचेन्कोचा उल्लेख येतो तो युक्रेनी वाङ्मयीन भाषेच्या आणि तीतून घडलेल्या राष्ट्रजाणिवेच्या संदर्भात.

ही मांडणी खोटी नाही. परंतु ती अपुरी आहे. साहित्यानेच राष्ट्र घडवले असेल, तर झारच्या राजवटीने सर्वप्रथम ललित साहित्यावर बंदी घालावयास हवी होती. प्रत्यक्षात १८६३ आणि १८७६ या दोन्ही वर्षांच्या निर्बंधांनी युक्रेनी भाषेतील ललित वाङ्मयाला, अटी घालून का होईना, मुभा ठेवली. बंदी आली ती बालबोधीवर, धर्मग्रंथांवर, लोकशिक्षणाच्या पुस्तकांवर आणि शास्त्रीय लेखनावर. कविता चालेल, पण अंकलिपी चालणार नाही, असे साम्राज्याला का वाटावे, हा प्रश्न राजकीय इतिहासाइतकाच समीक्षेचाही आहे. एखाद्या भाषेने कोणकोणत्या प्रकारचे लेखन करावे हे कोण ठरवणार, यावरून झालेला संघर्ष म्हणून युक्रेनच्या आरंभीच्या राष्ट्रीय लढ्याचे वाचन केले, तर त्या लढ्याचे आणि त्यातील साहित्यकृतींचेही स्वरूप काहीसे वेगळे दिसू लागते.

२

आधुनिक युक्रेनी साहित्याचा आरंभ विडंबनाने झाला, ही गोष्ट या दृष्टीने अर्थपूर्ण आहे. इव्हान कोत्ल्यारेव्हस्की याच्या ‘एनेइदा’ या काव्याचे पहिले तीन भाग १७९८ साली त्याच्या संमतीवाचून छापले गेले. व्हर्जिलच्या महाकाव्यातील ट्रॉयचे वीर येथे भटके, खादाड, मद्यप्रिय कझाक होऊन अवतरतात. या विनोदाची पार्श्वभूमी मात्र विनोदी नव्हती. हेटमन हे कझाक अधिपतीचे पद १७६४ साली रद्द झाले होते, झापोरोझ्येचे कझाक ठाणे १७७५ साली उद्ध्वस्त करण्यात आले होते आणि १७८३ मध्ये नीपर नदीच्या डाव्या तीरावरील शेतकऱ्यांवर भूदासत्व लादले गेले होते. घर गमावलेले आणि दैवाने नवे राज्य ज्यांच्या नशिबी लिहिले आहे असे लोक हा व्हर्जिलचा मूळ विषय अशा काळात कझाकांच्या वेशात यावा, हा योगायोग साधा नाही. विडंबनाच्या आवरणाखाली महाकाव्याचा सांगाडा शाबूत राहिला आहे.

परंतु विडंबनाची एक किंमतही असते. युक्रेनी बोली ही हास्यरसाची, खेडवळांची भाषा, ही समजूत या काव्याच्या लोकप्रियतेमुळे दृढ झाली. ह्रिहोरी क्वित्का-ओस्नोव्ह्यानेन्को याची ‘मारुस्या’ (१८३४) ही दीर्घकथा या समजुतीला उत्तर म्हणूनच लिहिली गेली. या भाषेत हसवता येते तसे रडवताही येते, हे त्याला सिद्ध करावयाचे होते. पुढे पांतेलेइमोन कुलीश याने कोत्ल्यारेव्हस्कीच्या हास्यावर कठोर टीका केली. एकेका साहित्यप्रकारातून भाषेची क्षमता सिद्ध करीत जाण्याचा हा क्रम आहे : आधी हास्य, मग करुण, मग इतिहास. कुलीशची ‘चोर्ना रादा’ (१८५७) ही युक्रेनी भाषेतील पहिली ऐतिहासिक कादंबरी मानली जाते. त्याच वर्षी त्याने ‘ह्रामात्का’ हे प्राथमिक वाचनाचे पुस्तकही काढले. एकाच लेखकाने एकाच वर्षी कादंबरी आणि अंकलिपी काढावी, यात त्या पिढीची सगळी ओढाताण दिसते.

३

शेव्हचेन्कोच्या बाबतीत ही ओढाताण अधिक खोल आहे. त्याने कविता प्रायः युक्रेनीत लिहिली. परंतु त्याच्या दीर्घकथा आणि १८५७-५८ मधील रोजनिशी रशियनमध्ये आहे. जॉर्ज ग्राबोविच यांनी १९८२ च्या आपल्या अभ्यासात या भेदाला मध्यवर्ती स्थान दिले. रशियन गद्यातला शेव्हचेन्को प्रस्थापित समाजाशी जुळवून घेणारा, तर युक्रेनी कवितेतला शेव्हचेन्को मिथकाच्या पातळीवर वावरणारा, कोणतीही तडजोड न मानणारा, असे त्यांचे प्रतिपादन आहे. हे विवेचन मनोविश्लेषणात्मक आणि संरचनावादी अंगाने समृद्ध आहे. तथापि या दोन ‘व्यक्तिमत्त्वां’च्या विभागणीस त्या काळाच्या भाषिक व्यवस्थेचीही एक बाजू होती, हे ध्यानात घेणे अगत्याचे आहे. गद्य, विशेषतः विवेचक गद्य, ही साम्राज्याच्या भाषेची मिरास होती; कविता ही प्रांतिक बोलीला मिळालेली सवलत होती. सवलतीच्या त्या चिंचोळ्या जागेत जे मावणे शक्य नव्हते, ते सारे शेव्हचेन्कोने कवितेत कोंबले : इतिहास, शापवाणी, भविष्यकथन, राजकीय उपहास. त्याच्या कवितेतील दाब येथून आला असावा.

या विवेचनावर एक स्वाभाविक आक्षेप असा की, शेव्हचेन्कोला शिक्षा झाली ती कवितेपायीच. कीव्हमधील सिरिल-मेथोडियस बंधुमंडळ १८४७ साली उघडकीस आले, तेव्हा इतिहासकार मिकोला कोस्तोमारोव्हला वर्षभराचा कारावास व नंतर सारातोव्हला हद्दपारी आणि कुलीशला तुला येथे हद्दपारी झाली. शेव्हचेन्कोला मात्र साधा शिपाई म्हणून ओरेनबुर्गच्या सीमाभागात धाडण्यात आले आणि लिहिण्यास व चित्रे काढण्यास झार निकोलस पहिला याने स्वहस्ते मनाई केली. कवितेला निरुपद्रवी मानणारी ही राजवट नव्हती, हे उघड आहे. आक्षेपात तथ्य आहे. पण त्याने मूळ मुद्दा बाद होत नाही. १८४७ ची शिक्षा एका व्यक्तीला आणि तिच्या हस्तलिखित राजद्रोहाला होती. १८६३ नंतरची बंदी भाषेच्या कार्यांवर होती. कवी धोकादायक ठरतो तो अमुक ओळींमुळे. अंकलिपी धोकादायक ठरते ती तिच्या केवळ असण्यामुळे. हा फरक शेव्हचेन्कोलाही उमगला असावा, असे मानण्यास आधार आहे. वनवास संपवून परतलेल्या या कवीचे अखेरचे पुस्तक काव्यसंग्रह नव्हते. रविवारच्या शाळांसाठी त्याने तयार केलेली बालबोधी १८६१ च्या आरंभी दहा हजार प्रतींत निघाली आणि त्यानंतर थोड्याच आठवड्यांत, मार्चमध्ये, त्याचा मृत्यू झाला. ‘राष्ट्रकवी’ या प्रतिमेच्या प्रभेत हे पुस्तक बहुधा दिसेनासे होते.

४

अंतर्गत मंत्री प्योत्र व्हालुयेव्ह याचे परिपत्रक १८६३ च्या जुलैमध्ये निघाले. पोलंडमधील उठाव नुकताच पेटला होता. कोस्तोमारोव्ह लोकोपयोगी युक्रेनी पुस्तकांसाठी निधी जमवीत होता आणि पिलिप मोराचेव्हस्की याने केलेले शुभवर्तमानांचे भाषांतर प्रकाशनाच्या परवान्याची वाट पाहत होते. वेगळी ‘लघुरशियन’ भाषा कधी नव्हती, नाही आणि असू शकत नाही, असा निर्वाळा परिपत्रकात उद्धृत केला होता. अस्तित्वातच नसलेल्या भाषेवर बंदी घालण्याचा हा तर्कविरोध अनेकांनी दाखवून दिला आहे. त्याहून विचारणीय आहे ती त्यातील वर्गवारी : ललित वाङ्मय छापण्यास हरकत नाही, धार्मिक, शैक्षणिक आणि सामान्य जनतेच्या प्राथमिक वाचनासाठी असलेली पुस्तके मात्र रोखावीत.

झार अलेक्झांडर दुसरा याने जर्मनीतील एम्स येथे ३० मे १८७६ रोजी मान्य केलेल्या आदेशाने ही वर्गवारी अधिक काटेकोर केली. परदेशी छापलेली युक्रेनी पुस्तके विशेष परवान्यावाचून आणण्यास मनाई झाली. साम्राज्यात ऐतिहासिक दस्तऐवज आणि ललित कृती वगळता सर्व मूळ लेखन व भाषांतरे निषिद्ध ठरली, आणि ललित कृतींनाही रशियन लेखनपद्धती व पूर्वपरीक्षण यांची अट होती. नाट्यप्रयोग, जाहीर वाचने आणि स्वरलिपीसोबत छापलेले गीतांचे शब्द यांवरही बंदी आली. ललिताला मुभा होती, तर मग नाटक आणि गाणे का नको? याचे उत्तर वाचकवर्गात सापडते. छापील कादंबरीचा वाचक द्विभाषिक, सुशिक्षित, म्हणजे साम्राज्याच्या भाषेत आधीच सामावलेला होता. नाटक आणि गीत निरक्षर श्रोत्यापर्यंत पोहोचतात. अंकलिपी तर निरक्षरालाच वाचक बनवते. साहित्यप्रकाराची व्याख्या त्याच्या रूपबंधावरून न करता त्याच्या संभाव्य ग्राहकावरून करण्याची ही पद्धत अभ्यासकांना ओळखीची वाटेल. अभिग्रहणाचा सिद्धान्त मांडला जाण्यापूर्वी जवळजवळ शतकभर झारचे परीक्षक तो व्यवहारात वापरीत होते.

भाषांतरांवरील बंदीही याच सूत्राने समजून घ्यावी लागते. बोलीत मूळ गीते असू शकतात. पण तीत शेक्सपिअर किंवा बायबल आले की बोलीची भाषा होते. म्हणूनच मोराचेव्हस्कीच्या भाषांतराला छापखाना दिसण्यासाठी १९०६ साल उजाडावे लागले, आणि कुलीशची शेक्सपिअरची भाषांतरे व लेस्या उक्राइन्का आणि माक्सिम स्लाव्हिन्स्की यांनी युक्रेनीत आणलेला हाइने (१८९२) ही पुस्तके सरहद्दीपलीकडे, ऑस्ट्रियाच्या ताब्यातील ल्विव्ह शहरात निघाली.

५

या सरहद्दीने युक्रेनी साहित्याला एक विलक्षण भूगोल दिला. लेखक एका साम्राज्यात, छापखाना दुसऱ्यात. हॅब्सबर्ग राजवटीतील गॅलिशियातही आरंभ सुखाचा नव्हता. बुदा येथे छापलेल्या ‘रुसाल्का द्निस्त्रोवाया’ (१८३७) या संग्रहाच्या बहुतेक प्रती जप्त झाल्या होत्या. परंतु १८४८ च्या क्रांतीनंतर, आणि विशेषतः १८६७ च्या राज्यघटनेनंतर, तेथे संस्था उभ्या राहू शकल्या. ‘प्रोस्विता’ ही लोकशिक्षण संस्था १८६८ साली निघाली. ल्विव्ह येथे १८७३ साली शेव्हचेन्कोच्या नावाने साहित्यसंस्था स्थापन झाली आणि १८९२ साली तिचे रूपांतर शास्त्रीय संस्थेत करण्यात आले. कवीच्या नावाच्या संस्थेने साहित्याकडून शास्त्राकडे वळावे, ही घटना त्या संपूर्ण चळवळीचे सार सांगते. तेथूनच १८९८ साली निघालेल्या नियतकालिकाचे नाव ‘साहित्य-शास्त्र वार्ता’ अशा अर्थाचे होते. ज्या दोन प्रांतांमध्ये साम्राज्याने भिंत घातली होती, ते येथे एका जोडशब्दात आले.

इव्हान फ्रान्को हा या संक्रमणाचा प्रातिनिधिक लेखक होय. कवी, कादंबरीकार, अर्थविषयक लेखक, लोकसाहित्याचा अभ्यासक अशा अनेक भूमिका त्याने पार पाडल्या. त्या केवळ प्रतिभेच्या बाहुल्यामुळे नव्हे, तर भाषेतील रिकाम्या जागा कोणीतरी भरणे भाग होते म्हणून. काव्यनिर्मितीच्या मानसशास्त्रावरील त्याचा १८९८ चा प्रबंध युक्रेनी भाषेत सौंदर्यशास्त्रीय परिभाषा घडवतो. ‘शक्यतेच्या सीमेपलीकडे’ अशा आशयाचे शीर्षक असलेल्या १९०० सालच्या निबंधात तोच लेखक राजकीय स्वातंत्र्याच्या ध्येयाचे समर्थन करतो. त्याच वर्षी ल्विव्ह येथे मिकोला मिख्नोव्हस्की याची ‘स्वतंत्र युक्रेन’ ही पुस्तिका निघाली, आणि त्याआधी १८९५ साली युलियान बाचिन्स्कीने मार्क्सवादी भूमिकेवरून स्वातंत्र्याची मागणी मांडली होती. स्वातंत्र्याची स्पष्ट, युक्तिवादयुक्त मागणी या तिन्ही ठिकाणी निबंधात आली, कवितेत नाही, ही बाब नोंदवण्याजोगी आहे.

मिखायलो ह्रुशेव्हस्की याच्या इतिहासलेखनाला या क्रमात कळसाचे स्थान द्यावे लागते. त्याच्या युक्रेनविषयक बृहद् इतिहासाचा पहिला खंड १८९८ साली प्रसिद्ध झाला. ‘रशियन’ इतिहासाच्या रूढ आराखड्याची चिकित्सा करणारा त्याचा लेख १९०४ साली सेंट पीटर्सबर्गमधील विज्ञान अकादमीच्या संग्रहात छापला गेला. कीव्हचे प्राचीन राज्य मॉस्कोच्या वंशावळीत घालण्याची प्रथा शास्त्राला धरून नाही, हे त्यात त्याने दाखवले. लेखाचे प्रतिपाद्य जितके महत्त्वाचे, तितकीच त्याची भाषा : तो लेख साम्राज्याच्या राजधानीत युक्रेनीत छापला गेला. जी भाषा असू शकत नाही असे चार दशकांपूर्वी ठरवले होते, तिच्यात अकादमीच्या पानांवर इतिहासमीमांसा अवतरली. पुढच्याच वर्षी त्या अकादमीच्या विद्वानांनी निर्बंध उठवण्याच्या बाजूने आपले निवेदन दिले.

लेस्या उक्राइन्काची काव्यनाट्येही याच संदर्भात वाचावी लागतात. ‘कासांद्रा’ (१९०७) ट्रॉयमध्ये घडते, ‘शिळेचा यजमान’ अशा अर्थाचे शीर्षक असलेले नाटक (१९१२) स्पेनमध्ये. शेतकरी जीवनापासून दूर गेल्याचा दोष लोकवादी समीक्षेने तिला दिला. परंतु खेडे हाच युक्रेनी साहित्याचा नैसर्गिक विषय, ही अपेक्षा परीक्षकांच्या कल्पनेशी विलक्षण जुळणारी होती, आणि राष्ट्रप्रेमी टीकाकारांना त्याची जाणीव नव्हती. सोलोमिया पाव्लिच्को यांनी १९९७ च्या आपल्या ग्रंथात लोकवाद आणि आधुनिकता यांच्यातील या संघर्षाची सविस्तर चिकित्सा केली आहे. त्यात एक भर घालता येईल : लेस्याच्या नायिका परक्या देशांत बोलतात, तेव्हा त्या भाषेचा विस्तारच करीत असतात, आणि तो विस्तार ह्रुशेव्हस्कीच्या इतिहासाइतकाच राजकीय आहे.

६

१९१७ साली झारशाही कोसळल्यावर कीव्ह येथे स्थापन झालेल्या मध्यवर्ती मंडळाचे, म्हणजे ‘त्सेंत्राल्ना रादा’चे अध्यक्षपद इतिहासकार ह्रुशेव्हस्कीकडे आणि कार्यकारी सचिवालयाचे प्रमुखपद कादंबरीकार व नाटककार व्होलोदिमिर विन्निचेन्कोकडे यावे, यात आता नवल वाटत नाही. या मंडळाने आपल्या जाहीरनाम्यांना ‘युनिव्हर्साल’ हे हेटमनांच्या फर्मानांचे जुने नाव दिले. दीडशे वर्षे बंद पडलेला एक लेखनप्रकार पुन्हा सुरू झाला. जून १९१७ ते जानेवारी १९१८ या अवघ्या सात-आठ महिन्यांतील चार युनिव्हर्साल क्रमाने वाचले, तर स्वायत्ततेच्या घोषणेकडून हंगामी सरकारशी तडजोडीकडे, तेथून रशियाच्या संघराज्यातील लोकप्रजासत्ताकाकडे आणि अखेर पूर्ण स्वातंत्र्याकडे जाणारी वाट दिसते. चौथ्या युनिव्हर्सालवर नव्या कालगणनेनुसार २२ जानेवारी १९१८ ही तारीख आहे. त्याच महिन्यात रशियन, यहुदी आणि पोलिश अल्पसंख्याकांना व्यक्तिनिष्ठ राष्ट्रीय स्वायत्तता देणारा कायदा संमत झाला. हेओर्ही नार्बुत याने रेखाटलेल्या शंभर कार्बोव्हानेत्सच्या नोटेवर युक्रेनी, रशियन, पोलिश आणि यिडिश अशा चार भाषांत मजकूर होता. ज्या भाषेला अंकलिपी छापण्याची परवानगी नव्हती, ती आता चलनावर आली आणि आपल्या शेजारी इतर तीन भाषांना जागा देऊन आली.

येथे विजयगाथेचा मोह टाळणे आवश्यक आहे. संहिता आणि वास्तव यांत मोठी दरी होती. १८९७ च्या जनगणनेत कीव्ह शहरातील सुमारे बावीस टक्के रहिवाशांनीच युक्रेनी ही मातृभाषा सांगितली होती. शहरे दुसऱ्या भाषेत बोलत होती. आणि ज्या शेतकऱ्याची भाषा राज्याने स्वीकारली, त्याला जाहीरनाम्यापेक्षा जमीन हवी होती. चौथ्या युनिव्हर्सालनंतर काही दिवसांतच बोल्शेविक फौजांनी कीव्हवर तोफा डागल्या. त्या माऱ्यात ह्रुशेव्हस्कीचे घर, ग्रंथसंग्रहासह, जळाले. १९१९ सालच्या यादवीत प्रजासत्ताकाच्या नावाने लढणाऱ्या तुकड्यांसह अनेक सैन्यांनी यहुदी वस्त्यांवर केलेल्या हत्याकांडांनी चार भाषांतील नोटेचे वचन रक्ताने पुसले. १९२१ च्या रीगा तहाने पोलंड आणि सोव्हिएत सत्ता यांत युक्रेनी भूमीचा मोठा भाग वाटला गेला. विन्निचेन्कोने १९२० मध्ये प्रसिद्ध केलेल्या ‘राष्ट्राचा पुनर्जन्म’ या तीन खंडांच्या वृत्तान्तात स्वतःच्या नेतृत्वाची चूक उघडपणे तपासली आहे. राज्य गमावल्यावर लिहिलेला हा ग्रंथही त्या ललितेतर परंपरेचाच आहे. पराभवाचा हिशेब मांडता येणे हीदेखील भाषेची प्रौढता होय.

७

या वाचनातून समीक्षेसाठी काय निष्पन्न होते? ‘कवीने राष्ट्र घडवले’ हे विधान जेव्हा शेव्हचेन्कोच्या गौरवासाठी केले जाते, तेव्हा नकळत व्हालुयेव्हचीच वर्गवारी पुढे चालते : या लोकांची प्रतिभा गीतात आहे, विचारात नाही. कुलीशची ‘ह्रामात्का’, मोराचेव्हस्कीची शुभवर्तमाने, फ्रान्कोचे निबंध, ह्रुशेव्हस्कीची इतिहासमीमांसा हे सारे मग ‘साहित्येतर’ म्हणून बाजूला पडते आणि कविता आपल्या सोबत्यांपासून तुटते. शेव्हचेन्कोची कविता त्यामुळे मोठी होत नाही. उलट तिच्यात इतका भार का दाटला आहे हे कळेनासे होते. वाङ्मयेतिहासाने ललित आणि ललितेतर यांमधील सीमा दिलेली म्हणून न स्वीकारता, ती कोणी आणि कोणासाठी आखली हे विचारले पाहिजे.

हा प्रश्न केवळ पुराणवस्तुसंशोधनाचा नाही. युक्रेन १९९१ साली पुन्हा स्वतंत्र झाले. त्या वर्षीच्या डिसेंबरमधील सार्वमतात नव्वद टक्क्यांहून अधिक मतदारांनी स्वातंत्र्याला कौल दिला. त्यानंतर तीस वर्षांनी, जुलै २०२१ मध्ये, रशियाच्या राष्ट्राध्यक्षांनी रशियन आणि युक्रेनी लोकांच्या ऐतिहासिक एकत्वाविषयी एक दीर्घ लेख प्रसिद्ध केला. १८६३ आणि १८७६ च्या निर्बंधांचा उल्लेख त्यात आहे, आणि ते तत्कालीन परिस्थितीच्या संदर्भात पाहावेत अशी सूचनाही आहे. पुढच्या फेब्रुवारीत आक्रमण झाले. वादाचा विषय आजही तोच असावा आणि त्याने इतिहासविषयक निबंधाचे रूप घ्यावे, ही गोष्ट पुरेशी बोलकी आहे. ह्रुशेव्हस्कीने १९०४ साली ज्या आराखड्याची चिकित्सा केली, तो अद्याप लिहिला जात आहे. म्हणून त्याची चिकित्साही पुन्हा वाचली जाणे आवश्यक आहे, आणि तिच्या शेजारी, त्याच फळीवर, कवीची ती दहा हजार प्रतींची बालबोधीही.